लीलावती कोणाची?

आपल्या सीमाभागात थोर पुरुषाचे नाव निघाले, की पहिला प्रश्न येतो तो 'तो कोणाचा?' हाच. भास्कराचार्यही यातून सुटलेले नाहीत. आपले गाव विज्जडविड असून ते सह्याद्रीच्या आश्रयाला आहे, असे त्यांनी स्वतः लिहून ठेवले आहे. कोणी त्यास विजापूर म्हणतात, तर कोणी ते खानदेशात चाळीसगावजवळील पाटणच्या परिसरात शोधतात. विजापूरपासून सह्याद्री बराच दूर. शिवाय आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी नातू चांगदेव यांनी मठ स्थापिल्याचा, तेराव्या शतकाच्या आरंभीचा शिलालेख पाटणला आहे व त्याचा अखेरचा भाग जुन्या मराठीत आहे. म्हणून आमचा कल पाटणकडे. तथापि ग्रंथ संस्कृतात आहे, आणि त्याच शतकात कन्नडात 'व्यवहारगणित' लिहिणाऱ्या राजादित्याचे नाव अभ्यासक आपल्याच जिल्ह्यातील रायबागशी जोडतात, हे आपल्यापैकी किती जणांच्या कानी आले आहे? आम्ही घरी कोकणी बोलतो, वर्गात मराठी शिकवितो आणि बाजारात कन्नडात भाव करतो. गणित्याला एका भाषेच्या दावणीस बांधण्याचा हट्ट आम्हांस तरी पेलत नाही.

आम्हांला खरी चिंता आहे ती लीलावतीची. तिची कथा सर्वश्रुत आहे. भास्कराचार्यांनी कन्येच्या विवाहाचा मुहूर्त साधण्यासाठी पाण्यात घटिकापात्र सोडले. वाकून पाहताना तिच्या अंगावरील मोती पात्रात पडला, छिद्र बुजले आणि मुहूर्त टळला. काही कथनांत तिचे लग्नच राहून जाते, काहींत तिला वैधव्य येते. मग दुःखी पिता तिचे नाव अजरामर व्हावे म्हणून ग्रंथ लिहितो. कथा मोठी हृद्य आहे, यात शंका नाही. परंतु मूळ ग्रंथात ती कोठेही नाही. आचार्यांचा जन्म १११४ चा, सिद्धान्तशिरोमणी ११५० चा. आणि ही कथा आपल्याला भेटते ती अकबराच्या दरबारातील फैजीने १५८७ साली केलेल्या फारसी भाषांतरात. मधे चारशे सदतीस वर्षे गेली! ग्रंथात 'बाले' असे संबोधन आहे खरे. पण 'सखे' आहे, 'गणक' आहे, आणि एके ठिकाणी 'कान्ते' असेही आहे. पिता मुलीला असे संबोधील काय? लीलावती ही कन्या होती, पत्नी होती, की केवळ कवीच्या कल्पनेतली श्रोती, हे ग्रंथावरून ठरत नाही.

कल्पित असली म्हणून बिघडले कोठे, असे कोणी विचारील. कल्पित असण्याला आमची हरकत नाही; हरकत आहे ती या विशिष्ट कल्पनेला. वर्गात पन्नास मुलींसमोर ही कथा सांगितली, की त्यांच्या मनावर ठसते ते एवढेच, की संसार हुकला म्हणून बिचारीला गणित मिळाले. ग्रंथ मात्र तिला बिचारी मानीत नाही. तो तिला कोडी घालतो आणि उत्तर मागतो. ते जगही किती रमणीय! सरोवरावरून हंस उडतात, वाऱ्याने कमळ पाण्यात बुडते, भुंग्यांचे थवे मालतीकडे धावतात. वर्गमूळ, त्रैराशिक, काटकोन त्रिकोण हे सारे त्या रम्य सृष्टीत येते, आणि श्रोती ते सोडवील याविषयी आचार्यांना तिळमात्र संशय नाही.

आणि आपल्या घरांत? निपाणीकडे विड्या वळणाऱ्या माउल्या हजारावर मिळणारी मजुरी, दिलेली पाने, वापरलेला तंबाखू आणि नाकारल्या गेलेल्या विड्या यांचा हिशोब कागदाविना मनात धरतात. मुकादमाचा आकडा चुकला तर त्यांच्या लगेच ध्यानात येते. त्याच घरात 'मुलीला गणित कशाला, दहावी झाली की पुरे' हे वाक्य ऐकू येते, तेव्हा आम्हांस नवल वाटते. भाऊ नापास झाला तर शिकवणी. बहिणीला कमी गुण पडले तर विषय बदला! २०१० साली हैदराबाद येथे जागतिक गणित परिषद भरली, तेव्हा गणिताच्या लोकप्रसारासाठी 'लीलावती' नावाचे पारितोषिक सुरू झाले. गणिताच्या जगाने ज्या नावाचा गौरव केला, त्या नावाच्या मुलीला आपण मात्र चुकलेल्या मुहूर्ताशीच बसवून ठेवले आहे.

म्हणून शिक्षकबंधूंना व भगिनींना आमची विनंती, की मोत्याची कथा सांगायची तर दंतकथा म्हणून सांगावी आणि त्याच तासाला ग्रंथातले एखादे उदाहरण फळ्यावर लिहावे. आम्ही येथेच एक देतो. नऊ हात उंच खांबावर मोर बसला आहे. खांबाच्या बुडाशी सापाचे बीळ आहे. बिळापासून सत्तावीस हातांवरून साप बिळाकडे सरपटत येताना दिसताच मोर त्याच्यावर तिरपी झेप घेतो. दोघांची गती सारखी. बिळापासून किती हातांवर गाठ पडली? मुलींनो, उत्तर वडिलांना किंवा भावाला विचारू नका, त्यांना सांगा.