मुकुट राजाचा, अधिकार कुणाचे?

राज्यारोहणानंतर चारच दिवसांनी, १२ सप्टेंबर २०२२ रोजी, तिसऱ्या चार्ल्सने वेस्टमिन्स्टर हॉलमध्ये ब्रिटिश संसदेच्या दोन्ही सभागृहांपुढे भाषण केले. याच हॉलमध्ये जानेवारी १६४९ मध्ये पहिल्या चार्ल्सवर खटला चालला, देहदंडाची शिक्षा झाली आणि ३० जानेवारीला राजाचे शिर धडावेगळे झाले. इंग्रजी राजघराण्याला योगायोगांची भीती नसावी.

राजसत्ता ईश्वरदत्त आहे, अशी पहिल्या चार्ल्सची श्रद्धा होती. १६२९ नंतर अकरा वर्षे त्याने संसदेविनाच कारभार हाकला. ४ जानेवारी १६४२ रोजी तर पाच सदस्यांना अटक करण्यासाठी तो सशस्त्र सैनिकांसह कॉमन्स सभागृहावर चालून गेला. ते पाचही जण आधीच निसटले होते. तेव्हापासून कॉमन्सचे कामकाज चालू असताना एकाही राजाने तेथे पाऊल ठेवलेले नाही.

१६६० मध्ये गादीवर परतलेला दुसरा चार्ल्स अधिक व्यवहारी. पोर्तुगीज राजकन्येशी विवाह करताना १६६१च्या तहाने त्याला मुंबई आंदण मिळाली. ती त्याने १६६८ मध्ये वार्षिक दहा पौंडांच्या भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीला देऊन टाकली! त्याचा भाऊ दुसरा जेम्स मात्र बापाचा धडा विसरला आणि १६८८ मध्ये त्याला देश सोडून पळावे लागले. पुढच्याच वर्षी ‘बिल ऑफ राइट्स’ने राजाला संसदेच्या बंधनात आणले. संसदेच्या विधेयकाला संमती नाकारण्याचे धाडस शेवटचे केले ते राणी ॲनने, १७०८ मध्ये.

येथवरची कथा संसदेच्या विजयाची म्हणून सांगितली जाते. ती अर्धीच खरी आहे. राजाचे अनेक विशेषाधिकार नष्ट झाले नाहीत. ते राजाच्या नावाने पंतप्रधान वापरू लागले. २०१९ मध्ये ब्रेक्झिटचा पेच शिगेला पोहोचला असता बोरिस जॉन्सन यांनी राणीला सल्ला देऊन संसद पाच आठवडे स्थगित करविली. राणीने रिवाजानुसार होकार दिला. २४ सप्टेंबर रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या अकरा न्यायमूर्तींनी ही स्थगिती एकमताने बेकायदा ठरविली. पहिल्या चार्ल्सला संसदेने रोखले होते, जॉन्सन यांना न्यायालयाने.

पण याचा बोध उलटाच घेतला गेला. मुदतीपूर्वी निवडणूक घेण्याच्या पंतप्रधानांच्या मुखत्यारीला २०११च्या कायद्याने लगाम घातला होता. तो कायदा २०२२ मध्ये रद्द झाला. संसद विसर्जित करण्याचा जुना राजाधिकार परत आला आणि त्याच्या वापराबाबत न्यायालयांनी प्रश्न विचारू नये, अशी तरतूदही नव्या कायद्यात झाली. मे २०२४ मध्ये ऋषी सुनक यांनी याच अधिकाराच्या बळावर अवचित निवडणूक पुकारली आणि ४ जुलैला ते सपशेल हरले. तिसऱ्या चार्ल्सचे काम सल्ला मान्य करण्यापुरतेच होते.

२०११चा कायदा गुंडाळण्याचे आश्वासन हुजूर आणि मजूर या दोन्ही पक्षांच्या २०१९च्या जाहीरनाम्यांत होते, हे येथे नोंदवायला हवे.