भुतें कोणाचीं आणि भय कोणाचें?

भयकथा आणि समलिंगी प्रेमाचें वाङ्मय या दोहोंचा एका दमांत उच्चार केला, कीं आमच्या सुशिक्षित गृहस्थांच्या कपाळावर दोन आठ्या पडतात. पहिली आठी भयकथेकरितां. कारण ती आगगाडींत वाचून टाकून देण्याची वस्तु, अशी त्यांची समजूत. दुसरी दुसऱ्या विषयाकरितां. कारण तो चारचौघांत काढण्याचाच नव्हे. मग या दोहोंचा मिळून मराठींत एक निवडक संग्रह निघावा असें कोणी सुचविलें, तर ‘हा कोणता नवा उपद्व्याप?’ असें विचारलें जाणारच. आमचें म्हणणें असें, कीं हा उपद्व्याप नसून थकलेलें देणें आहे. मात्र तें कसें फेडावें, याविषयीं आमचा भावी संग्रहकाराशींहि वाद आहे.

या दोन विषयांचें नातें आजचें नव्हे. आयरिश लेखक शेरिडन ल फानू याची ‘कार्मिला’ ही कथा 1872 सालीं त्याच्या संग्रहांत आली. तींतील रक्तपिपासू तरुणी एका मुलीवर अनुरक्त होते, आणि शेवटीं तिच्या छातींत खुंटी ठोकली जाते. ऑस्कर वाइल्डची डोरियन ग्रेची कादंबरी 1890 मध्यें प्रथम प्रसिद्ध झाली, आणि 1895 सालीं तिच्यांतील उतारे न्यायालयांत त्याच्याच विरुद्ध वाचले गेले. जें प्रेम दिवसाढवळ्या सांगण्याची सोय नव्हती, तें भुताचें सोंग घेऊन रात्रीं आलें, इतकाच याचा अर्थ. पुढें 2000 सालीं कॅनडांत मायकेल रो यानें ‘क्वीअर फिअर’ हा संग्रह काढून हें नातें उघड मांडलें. आपल्या देशांतहि 1999 सालीं होशंग मर्चंट यांचा ‘याराना’ व अश्विनी सुखठणकर यांचा ‘फेसिंग द मिरर’ असे समलिंगी लेखनाचे दोन संग्रह निघाले. पण ते इंग्रजींत.

हें सारें परदेशी खूळ आहे असें ज्यांस वाटतें, त्यांनीं घटकाभर आपल्याच गांवच्या पिंपळाखालीं उभें राहावें. त्या पिंपळावर कोण राहतो? मुंजा, म्हणजे ज्याची मुंज झाली, पण लग्न लागण्यापूर्वींच जो गेला तो. हडळ कोण? जी बाळंतपणांत दगावली ती. संसाराच्या चौकटींत जो बसला नाहीं, त्यानें मेल्यावर झाडावर बसावें, असा आमच्या लोकसमजुतीचा न्याय आहे. तेव्हां ज्या मुलाचें मन त्या चौकटींत बसतच नाहीं, तो जिवंतपणींच मुंजा झाला, असें म्हटल्यास त्यांत अतिशयोक्ति कोणती?

मराठींत या संग्रहाची सामग्री नाहीं, असेंहि नव्हे. नारायण धारप (1925–2008) आणि रत्नाकर मतकरी (1938–2020) यांनीं भय रानांतून उचलून मध्यमवर्गीय घराच्या माजघरांत आणून बसविलें, हा त्यांचा मोठा पराक्रम होय. दारव्ह्यासारख्या तालुक्याच्या गांवींहि धारपांचे वाचक भेटतात. भयकथा हलकी म्हणून हिणवणाऱ्यांनीं याचा विचार करावा. दुसऱ्या बाजूस विजय तेंडुलकरांचें ‘मित्राची गोष्ट’ 1981 सालीं रंगभूमीवर आलें. त्यांतील स्त्रीवर प्रेम करणाऱ्या नायिकेचा शेवट आत्मनाशांत होतो. सचिन कुंडलकरांची ‘कोबाल्ट ब्लू’ 2006 सालची. भाऊ आणि बहीण एकाच तरुणावर प्रेम करतात, तो निघून जातो, आणि त्याच्या आठवणी मागें राहतात. या कादंबरींत भूत नाहीं. पण घर झपाटलेलें आहे!

‘असलें पुस्तक कुटुंबांत ठेवण्याजोगें नाहीं,’ हा यावर नेहमींचा आक्षेप. तो नवा नाहीं. र. धों. कर्वे यांनीं 1927 पासून 1953 पर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ चालविलें. त्यांतील वाचकांच्या प्रश्नोत्तरांवर 1934 सालीं अश्लीलतेचा खटला झाला, डॉ. आंबेडकर त्यांचे वकील होते, आणि निकाल कर्व्यांविरुद्ध लागला. आज लाज कोणाची वाटते, कर्व्यांची कीं त्या निकालाची? 6 सप्टेंबर 2018 रोजीं सर्वोच्च न्यायालयानें प्रौढांचे संमतीचे समलिंगी संबंध गुन्हा नाहींत असा निर्णय दिला. कायद्याचें भय सरलें. साहित्यिकांचें सरलें नाहीं. पुढें अवघ्या चार महिन्यांनीं, जानेवारी 2019 मध्यें, आमच्याच जिल्ह्यांत यवतमाळास 92 वें साहित्य संमेलन भरलें. 91 वर्षांच्या नयनतारा सहगल यांना दिलेलें उद्घाटनाचें निमंत्रण त्यापूर्वींच परत घेतलें गेलें होतें. विषय निराळा होता खरा, पण भीति तीच! ज्यांस एका वृद्ध लेखिकेच्या भाषणाची धास्ती वाटते, त्यांनीं कुटुंबांनीं काय वाचावें हें सांगूं नये.

आतां संग्रहकाराकडे वळूं. दोन चमत्कारिक जिनसा एका पुडींत बांधून विकावयाच्या, एवढाच त्याचा हेतु असेल, तर ती पुडी आम्हांस नको. समलिंगी मनुष्य कथेंत केवळ भूत, प्रेत किंवा शाप म्हणूनच यावयाचा असेल, तर त्यावर एक अन्याय घरानें केलाच आहे, दुसरा पुस्तक करील. म्हणून प्रत्येक कथेला संपादकानें एकच प्रश्न विचारावा: येथें भीत कोण आहे, आणि कोणाला? खरी कथा असेल, तर भिणारा तो माडीवरचा मुलगा असेल. खालीं वडील मंडळी बोलत असतात, पत्रिका जुळते, साखरपुड्याची तिथि ठरते. आणि हे आनंदाचे आवाज त्याच्या कानीं वेताळाच्या पालखीसारखे येतात. ज्या मुलीच्या गळ्यांत ही माळ तिला कांहींएक न सांगतां पडणार, तिचें भय तर त्याहून मोठें. तिला तें कळेल तेव्हां परतीची वाट बंद झालेली असेल. या दोघांच्या बाजूनें लिहिलेली भयकथा जो निवडील, तोच खरा संपादक.

असा संग्रह निघाला म्हणजे आमच्या वाचकांनीं तो दिवाणखान्याच्या फडताळांत, धारप-मतकरींच्या शेजारीं, उघडा ठेवावा. घरांतील कोणी तो मुकाट्यानें काढून नेला, तर चौकशी करूं नये. परत ठेवतांना त्याला बोलावेंसें वाटलें, तर ऐकून घ्यावें. पुस्तक कुलुपांत ठेवल्यानें तें माणूस घरांतून नाहींसें होत नाहीं. तें त्याच घरांत, आपल्याच पंक्तीला, कोणास न दिसतां वावरत राहतें. आणि यालाच आपल्याकडे भूत म्हणतात.