दहाच गाणी घ्या, पण अख्खी घ्या

शाहूवाडी तालुक्यातल्या गाणंवेड्या मंडळींना कळकळीची विनंती आहे: मेमरी कार्डात हजार गाणी कोंबण्यापेक्षा दहाच घ्या, पण ती अख्खी असू द्या.

कार्डात कोंबलेली गाणी बहुतेक एमपीथ्री असतात. फाईल लहान व्हावी म्हणून त्यातला आवाजाचा काही भाग कायमचा काढून टाकलेला असतो. ऑडिओ सीडीत सेकंदाला १,४११ किलोबिट माहिती असते. १२८ किलोबिटच्या एमपीथ्रीत तिचा जेमतेम अकरावा हिस्सा उरतो. कापणी हुशारीनं केलेली असते, त्यामुळे चाल, शब्द, ठेका सगळं ओळखू येतं. जातं ते बारीक काम: झांजेची किणकिण, व्हायोलिनच्या ताफ्यातला वेगवेगळेपणा, स्वर थांबल्यावर रेंगाळणारा नाद. लॉसलेस फाईलमधून यातलं काहीच टाकलेलं नसतं.

अजय-अतुल यांनी 'सैराट'साठी (२०१६) थेट लॉस एंजेलिसला जाऊन तिथला सिंफनी वाद्यवृंद ध्वनिमुद्रित केला. त्यातल्या चाली पुढं 'धडक'मधून (२०१८) हिंदीतही गेल्या. एवढी माणसं एकत्र बसून वाजवतात आणि तो सगळा पसारा आपण १२८ च्या फाईलमध्ये ऐकतो, याचं मला खरंच वाईट वाटतं. १९२९ साली 'प्रभात' फिल्म कंपनी आपल्या कोल्हापुरातच उभी राहिली. सिनेमाच्या संगीतावर आपल्या जिल्ह्याचा हक्क असा जुना आहे, मग ते अर्धवट का ऐकायचं?

डोंगरात रेंज दगा देते, म्हणून ऑनलाइन ऐकण्याच्या भरीला पडू नका. चार मिनिटांचं लॉसलेस गाणं साधारण २५ ते ३० एमबी घेतं. रोजचा दीड जीबीचा पॅक असेल, तर एका सिनेमाची गाणी त्यात आरामात बसतात. मलकापूरला कामानिमित्त आलात की तिथंच उतरवून घ्या. ॲपल म्युझिकवर जून २०२१ पासून लॉसलेससाठी जादा पैसे पडत नाहीत, अँड्रॉइडवरही ते चालतं. मात्र सेटिंगमध्ये जाऊन ते सुरू करावं लागतं. ऐकताना वायरचा इअरफोन लावा. ब्लूटूथ बहुतेक वेळा गाणं पुन्हा दाबून पाठवतं, मग एवढी खटपट वाया.

घरातल्या जुन्या सीड्या फेकू नका. शंभर-दीडशे गाण्यांची असेल ती एमपीथ्रीची, सोडून द्या. कंपनीची दहा-बारा गाण्यांची ऑडिओ सीडी मात्र लॉसलेसच आहे. संगणकावर फ्लॅक या लॉसलेस प्रकारात उतरवून ठेवा. एमपीथ्रीचं फ्लॅक करून देतो म्हणणाऱ्याला पैसे देऊ नका. गेलेलं परत येत नाही, फाईल तेवढी फुगते. आणि 'महल'सारख्या (१९४९) जुन्या सिनेमाची मूळ खरखर लॉसलेसमध्येही तशीच राहणार, हे धरून चाला.

वडापमध्ये किंवा लग्नाच्या मांडवात एमपीथ्री चालेल. ३२० ची चांगली फाईल असेल, तर साध्या इअरफोनवर अनेकांना फरक कळतही नाही. तरीही महागड्या हेडफोनची घाई करू नका. आधी फाईल बदला. पहिल्यांदा ऐकाल तेव्हा तोंडपाठ असलेलं गाणंच निवडा, अनोळखी गाण्यात आजवर काय गाळलं गेलं होतं ते कळणार नाही.