आम्हाला समजावून सांगणे थांबवा

माहितीपटात मुसलमान येणार असला की आधी मिनार येतो, मग अजान, मग जाळीदार टोप्या. पाठोपाठ एक गंभीर आवाज सांगू लागतो की हा समाज कसा आहे. मला त्या आवाजाचा वीट आला आहे. तो आपल्या बाजूने बोलत असेल तर जास्तच.

म्हणून तुम्ही फ्रेडरिक वाइजमन बघा असे मी म्हणतो. या अमेरिकी दिग्दर्शकाच्या माहितीपटांत निवेदन नसते, मुलाखती नसतात, वरून चढवलेले संगीत नसते. बोलणाऱ्याच्या नावाची पट्टीसुद्धा नसते. माणूस आधी कायदा शिकवायचा. त्याचा पहिला माहितीपट 'टिटिकट फॉलीज' (१९६७) मनोरुग्ण कैद्यांच्या सरकारी इस्पितळावर होता. पहारेकरी नागड्या रुग्णांची टिंगल करतात, ते त्यात दिसते. मॅसॅच्युसेट्समध्ये त्याच्या जाहीर प्रदर्शनावर १९९१ पर्यंत बंदी होती. कारण दिले गेले रुग्णांच्या खासगीपणाचे! पुढे 'वेल्फेअर' (१९७५) आला. सरकारी मदतीसाठी आलेली माणसे या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहतात. दाखल्यासाठी तहसील कचेरीत उभे राहिलेल्याला ते सांगावे लागत नाही.

'इन जॅक्सन हाइट्स' (२०१५) न्यूयॉर्कच्या क्वीन्समधल्या एका वस्तीवर आहे. तीन तासांहून मोठा. त्यात मशीद आहे, हलाल कोंबडीचे दुकान आहे, टॅक्सीचालकांचा वर्ग आहे, समलिंगींच्या बैठका आहेत, आणि आपली दुकाने जातील या धास्तीने जमलेले छोटे दुकानदारही आहेत. नमाज त्या वस्तीतल्या रोजच्या कामांपैकी एक म्हणून येते आणि जाते. कोणी थांबून खुलासा करत नाही.

मित्र म्हणतात, आपल्यावर रोज आरोप होत असताना गप्प कॅमेरा परवडतो का? अरे, खुलासा करणारी फिल्म आरोपीच्या पिंजऱ्यातूनच बोलते ना! आणि गप्प म्हणजे तटस्थ नव्हे. वाइजमनने तसा दावा कधी केला नाही. शंभराहून अधिक तासांच्या चित्रणातून तो तीन तास निवडायचा, महिनोन् महिने स्वतः संकलन करायचा. कशानंतर काय ठेवायचे, हीच त्याची बाजू मांडण्याची रीत.

आपणही काही कमी नाही. 'सकारात्मक प्रतिमा' हवी म्हणून आपण डॉक्टर झालेल्या मुलीची रील फिरवतो. त्याच मोहल्ल्यात जमातीपुढे तलाकचा वाद येतो तेव्हा खुर्चीवर कोण बसते, दाराशी कोण उभी असते, हे कोणी चित्रित केले आहे? रेशन दुकान, नगरपालिकेची उर्दू शाळा, कब्रस्तानाच्या जागेची बैठक, सगळे तसेच पडून आहे. त्या बाईची परवानगी मात्र तिच्याकडूनच घ्यायची, तिच्या भावाकडून नाही.

ट्रस्टी विचारतील, फिल्ममध्ये दाखवणार काय? वाइजमनकडेही आधी उत्तर नसायचे. चित्रण हाच त्याचा अभ्यास असे.