आधी खून, मग वटहुकूम

जादूटोणाविरोधी कायद्याचा मसुदा महाराष्ट्राच्या राज्यकर्त्यांनी दहा वर्षं या ना त्या निमित्ताने लोंबकळत ठेवला. 20 ऑगस्ट 2013 च्या सकाळी पुण्यात, ओंकारेश्वराजवळच्या पुलावर, याच कायद्यासाठी झगडणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांना गोळ्या घातल्या गेल्या आणि दुसऱ्याच दिवशी मंत्रिमंडळाने वटहुकमाला मंजुरी दिली. म्हणजे कायदा करणं जमत होतं! अडलं होतं ते एवढ्यावरच, की लोकांच्या भावना दुखावतील.

कुणाच्या? तर वारकऱ्यांच्या. कायदा आला की वारी बंद, सत्यनारायण बंद, अशी आवई उठली. उठवणाऱ्यांनी मसुदा वाचला नव्हता, किंवा वाचूनच उठवली. मला दुसरं जास्त पटतं. अनुसूचीत आहे तरी काय? भूत उतरवण्याच्या नावाखाली माणसाला दोरखंडाने बांधून मारणं, मिरचीची धुरी देणं, साप चावलेल्याला दवाखान्यात जाऊ न देता मंत्र पुटपुटत बसणं. यावर बंदी आली तर तुकोबांना काय तोशीस पडणार होती?

उलट हा कायदा धर्मापुढे इतका वाकला की कंबर मोडावी. यात्रा, प्रदक्षिणा, कीर्तन, प्रवचन, हरिपाठ यांना सूट. मंदिर, दर्गा, चर्च, गुरुद्वारातल्या प्रार्थनेला सूट. पोरांचे कान-नाक टोचायला सूट, जैनांच्या केशलोचनाला सूट. वास्तुशास्त्राचा सल्ला, जोशी-ज्योतिषी, इतकंच काय, नंदीबैलवालेसुद्धा सुटले. नंदीबैलाला अभय देणाऱ्या कायद्याला धर्मबुडवा म्हणायचं, याला निर्ढावलेपण लागतं.

माझं भांडण श्रद्धेशी नाही. दाभोलकर पडले तो पूल महर्षी विठ्ठल रामजी शिंद्यांच्या नावाचा आहे. शिंदे प्रार्थना समाजाचे प्रचारक, पक्के ईश्वरनिष्ठ, आणि अस्पृश्यतेविरुद्ध उभा जन्म झिजले. श्रद्धाळू आमदाराने सभागृहात खुशाल देवाचं नाव घ्यावं. पण कायदा अडवायचा असेल तर नुकसान कुणाचं आणि कसं, हे देव न मानणाऱ्यालाही कळेल अशा भाषेत मांडावं. घटनेचं 25 वं कलम धर्मस्वातंत्र्य देतं तेच मुळी सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य यांच्या अधीन राहून. हे शब्द कलमाच्या सुरुवातीलाच आहेत, तळाशी बारीक टायपात नाहीत.

धर्म पुढे करून कायदा अडवायची आमच्या शहराची, पुण्याची, खोड जुनी. 1891 च्या संमतिवयाच्या कायद्याने शरीरसंबंधाच्या संमतीसाठी मुलीचं वय दहावरून फक्त बारावर नेलं, तर पुणं पेटलं. टिळकांचा मुद्दा होता की परक्या सरकारने आमच्या धर्मात हात घालू नये. त्यात राजकीय तथ्य होतं, मान्य. पण कोलकात्यात फुलमणी नावाची पोर नवऱ्याच्या बळजबरीने मेली होती, तिला सरकार स्वकीय की परकीय याने काय फरक पडणार? आणि कायद्याच्या बाजूचे भांडारकर काय करत होते, तर शास्त्रात आधार शोधत होते. समजा, आधार सापडला नसता, तर? पोरीने सोसायचं? सुधारक आगरकरांनी हा प्रश्न शास्त्राच्या नव्हे, बुद्धीच्या दारात नेला आणि पुणेकरांनी जिवंतपणी त्यांची प्रेतयात्रा काढली. तेव्हा निदान प्रेत खोटं होतं.

दाभोलकरांच्या खुनाच्या खटल्यात 10 मे 2024 ला पुण्याच्या विशेष न्यायालयाने दोघांना जन्मठेप दिली, तिघांना सोडलं आणि खरे सूत्रधार शोधण्यात तपास यंत्रणा कमी पडल्याचं सुनावलं. त्यावर कुठल्या पक्षाने विधानसभा दणाणून सोडली? सूत्रधारांच्या मागे मतं नाहीत, भावनांच्या मागे आहेत. म्हणून पुढच्या अधिवेशनात एखादा सदस्य दुखावल्या भावना घेऊन उभा राहिला, तर अध्यक्षांनी त्याला विधेयकाची प्रत द्यावी, नेमका शब्द दाखवायला सांगावं आणि तो दाखवेपर्यंत माईक बंद ठेवावा.