‘डेड’ आणि ‘मरणाचा’

शाळेत हल्ली ‘डेड शुअर’, ‘डेड बोअरिंग’ असे प्रयोग कानी पडतात आणि वडीलधारी मंडळी कपाळाला आठ्या घालतात. वस्तुतः इंग्रजी कोशातच ‘डेड’चा ‘मृत’ याखेरीज ‘अगदी’ असाही अर्थ दिलेला आहे. ‘डेडलाइन’ तर मूळची खरोखर प्राणघातक : १८६४ साली अमेरिकेतील अँडरसनव्हिलच्या युद्धकैद्याने ती रेषा ओलांडली की गोळी सुटे. आज तीवर निबंधाच्या वह्या गोळा होतात! आपल्याकडे ‘मरणाचा उकाडा’ म्हणतात, तेथे कोण मेलेले असते? आजीच्या ‘मेल्या, जेवून घे’ यात मायाच अधिक. माझी मायबोली कोंकणी. मला तो ‘मेल्या’ परका वाटला नाही. सांत्वनपत्रात मात्र ‘वारले’ असेच लिहावे. ‘खपले’ हाही शब्द कोशात त्या अर्थाने आहे. पण दुःखितांच्या घरी जाऊन कोश दाखविता येत नाही.