शेताचं नाव रिकामं ठेवू नका



सातबारा हातात आला की आपण क्षेत्र बघतो, बोजा बघतो. पण वरच्या बाजूला 'शेताचे स्थानिक नाव' असंही लिहिलेलं असतं. आमच्या उताऱ्यावर त्यापुढं काहीच नाही. तुमचाही बघा.

आमच्या घरात शेताला कुणी नंबरनं हाक मारली नाही. लवणातलं, चोपणातलं, मुरमाड, चिंचेचं. भाकरी घेऊन निघालेल्या बाईला "चिंचेत ये" एवढं सांगितलं की पुरे. ती चिंच पडून वीस वर्षं झाली, तरी शेत चिंचेचंच.

ही नावं नुसती ओळखीपुरती नाहीत. लवण म्हणजे खोलगट जागा, वरचं पाणी तिथं उतरणार. चोपण म्हणजे पाणी जिरत नाही, वाळलं की दगड. माती परीक्षण आलं नव्हतं तेव्हा हाच आपला अहवाल, तोही तोंडपाठ. गावाचे सुद्धा जुन्या माणसांनी दोन शब्दांत भाग पाडले. वस्ती ती पांढरी, शेती ती काळी.

इंग्रजांच्या मोजणीत सर्वे नंबर आले. पुढं १९४७ च्या कायद्यानं एकत्रीकरण झालं तिथं गट नंबर पडले. नंबराला माझा विरोध नाही. कर्ज, खरेदीखत, ई-पीक पाहणी, सगळं त्यावरच चालतं. पण नंबर जमीन कुणाची ते सांगतो, जमीन कशी ते सांगत नाही.

आमच्या शिवारात एका बाहेरच्या माणसानं जमीन घेतली. रस्त्याला लागून म्हणून कांदाचाळ नेमकी लवणात बांधली. उन्हाळ्यात जागा सपाटच दिसते. पावसाळ्यात चाळीखाली पाणी तुंबलं आणि निम्मा कांदा सडला. गट नंबर त्याला पाठ होता, नाव मात्र कुणी सांगितलं नव्हतं. यात चूक त्याची कशी म्हणायची?

आता आपली पोरं पण शेत मोबाईलच्या नकाशावर बघतात. वरून सगळे चौकोन सारखेच. 'चोपण' म्हटलं की आपल्या डोळ्यापुढं भेगा येतात, त्यांच्या येत नाहीत, कारण तो शब्दच त्यांच्या कानावर पडला नाही.

म्हणून माझं म्हणणं एवढंच. घरात म्हातारं माणूस असेल तर त्याच्याजवळ बसून शेतांची नावं वहीत उतरवा, ते नाव का पडलं तेही लिहा. वाटणी करताना, जमीन विकताना नाव सांगून द्या. उताऱ्यावर नाव लावता येईल का, तलाठ्याला विचारा.

तुमच्या शेताचं नाव काय? खाली लिहा.